पावणेचार फूट

अर्ज लिहिणारा म्हणाला, थोडक्यात सांगा.
थोडकंच आहे, म्हटलं.
पावणेचार फूट रुंद, सत्तर पावलं लांब.
डावीकडे कोशीचं रबर, उजवीकडे आमच्या विहिरीचा कठडा.
एकोणचाळीस वर्षं ह्याच वाटेनं
कुंडऱ्याच्या काजू कारखान्यात गेले,
चिकानं करपलेली बोटं पदरात गुंडाळून
ह्याच वाटेनं परत आले.
आता नवऱ्याला आठवड्यातून तीनदा डायलिसिसला न्यायचं,
खुर्चीत बसवून, दोघांनी उचलून,
आणि मधोमध कोशीनं रचलीय
छातीइतकी उंच जांभ्या दगडांची चळत.

मग तुम्हाला नक्की काय हवंय?
वाट.
वाट ह्या अर्जात मागता येत नाही, तो म्हणाला.
वहिवाटीचा दावा वेगळा, दिवाणीत, दहाबारा वर्षं.
हायकोर्टात लवकर मिळतं ते पोलीस संरक्षण.
लिहू? जिवाला धोका?

कोशीकडून?
त्याच्या लग्नात मी तीनशे पप्पडम तळले होते.
भार्गवनला पहिल्यांदा चक्कर आली तेव्हा
ह्याच कोशीनं त्याला पाठुंगळीला मारून
रस्त्यापर्यंत पळत नेलं होतं.

लिहा, म्हटलं.
सही करताना पेन अडलं नाही,
हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.

आदेश आला. मागोमाग निसामुद्दीन आला,
चोवीस-पंचवीसचा, मिशी नुकती धरलेली.
टेप लावून त्यानं वाट मोजली,
दगड कोशीकडूनच हलवून घेतले.
खाली गवत पिवळं पडलं होतं,
आजाऱ्याच्या पाठीसारखं.
मग आमच्या घरची प्लॅस्टिकची खुर्ची टाकून
सरकार वाटेच्या तोंडाशी बसलं
आणि मोबाइलवर फुटबॉल बघू लागलं.

पंधरा दिवस.
सकाळचा चहा माझा, दुपारचा कप्पा आणि मासा सारम्माचा.
दोन्ही घरं त्याच्याशी बोलत.
त्याच्याकडूनच मला कळलं
की कोशीचा बिजू कुवेतहून कायमचा परत आलाय,
कंपनीनं चार महिन्यांचा पगार बुडवलाय,
रिक्षा घ्यायची म्हणतोय
आणि ती उभी करायला अंगणात जागा नाही.
सत्तर पावलांवरची बातमी,
पोलिसाच्या तोंडून.
माझ्याकडूनही त्यानं काही नेलंच असणार.
कारण एका दुपारी सारम्मा कुंपणाशी आली,
भार्गवनचं क्रिएटिनिन किती, असं तिनं त्याला विचारलं,
माझ्याकडे न बघता, पण मला ऐकू जाईल एवढ्यानं.
मीही त्यालाच उत्तर दिलं.
तो बिचारा दोघींच्या मध्ये उभा,
आकडा इकडून तिकडे पोचवत.

त्या दिवसांत वाटेवर तसं कुणी आलंच नाही.
दूधवाला लांबून हाक मारायचा.
शाळेतली पोरं शेतातून वळसा घालायची.
वाट मोकळी होती,
धुतलेल्या ताटासारखी, आणि तेवढीच रिकामी.

सोळाव्या दिवशी खुर्ची आत आली.
कोशीनं त्याच संध्याकाळी
रबराच्या पहिल्या झाडावर कॅमेरा ठोकला,
हललं काही की दिवा पेटतो तसला.
पुरावा गोळा करतोय, वकील म्हणाले,
त्या बाजूला बघू नका, काही बोलू नका.

असेल.

पण पहाटे चारला, पहिल्या पाळीसाठी,
मी पुढून आणि रिक्षावाला मागून
खुर्ची उचलून निघतो तेव्हा
तो दिवा पेटतो,
आणि कठड्याजवळचा उखडलेला दगड,
जिथे मागच्या आषाढात माझा पाय मुरगळला होता,
लख्ख दिसतो.
नेम धरून लावलाय की आपसूक पडतो उजेड,
कुणाला विचारणार?
निसामुद्दीनची बदली झाली.

कोशी उठला वाटतं, भार्गवन म्हणतो.
अहो, यंत्र आहे ते.
बरं, म्हणतो,
आणि सुयांनी निळा पडलेला हात
तरीही वर करतो,
रोज करायचा तसा.